हाळीत ‘बघू’ बसत नाही

आमचं घर पावसाळ्यापुरतं होतं. दिवाळी झाली की दादा, म्हणजे माझे वडील, मेंढरं घेऊन घाट उतरायचे आणि कोकणात जायचे. आई बरोबर असायची. घोड्यावर भांडी, घोंगडी आणि दोन कोंबड्या. सातव्या वर्षापर्यंत मीही त्या घोड्यामागं चालत होते. पहिलीत मी तीन गावांच्या शाळांत बसले आणि एकाही शाळेत टिकले नाही. पायात चपला नव्हत्या, पण त्या कुणाच्याच नव्हत्या, त्यामुळं ते काही सांगण्यासारखं नाही. सांगण्यासारखं आहे ते वेगळंच. एका वर्षी मेंढरांना देवी आल्या आणि पंधरा दिवसांत अर्ध्याहून जास्त कळप गेला. दादा खड्डे खणत होते, आई वरून माती लोटत होती. जी उरली ती दादांनी विकून टाकली. घोडाही विकला. मग घरी आले, उंबऱ्यापुढं जमिनीला हात लावला आणि म्हणाले, “आता ह्या दारात मेंढरू आनायचं नाय.”

तेव्हापासून दोघं दुसऱ्यांच्या वावरात कांदे काढायला जायला लागले. आमच्या महाळुंगे पडवळच्या शिवारात माझी आई भाकरी सोडून बसली नाही असा बांध दाखवा.

मला शाळेत टिकवलं ते आत्यानं. ती दादांची थोरली बहीण. मालक वारल्यावर एक मुलगा आणि थोडी मेंढरं घेऊन ती ओढ्यापलीकडच्या वस्तीवर राहायची. दादा मला पुन्हा कोकणात न्यायला निघाले, तेव्हा ती वाट अडवून उभी राहिली. “हिला न्यायची नाय. मेंढरामागं फिरायला काय अक्कल लागती? ती तुला हाय तेवढी बास.” दादा हसले आणि मला सोडून गेले. पुढं आजार आला त्यातून आत्याची मेंढरं वाचली, कारण ती कधी घाट उतरलीच नव्हती.

आमच्या दारातून तिचं दार दिसतं. समोरासमोर. पण जायचं तर ओढा, काटवण आणि मग पुलाचा वळसा, अर्धा तास लागतो. म्हणून ही दोन्ही घरं एकमेकांशी हाळीनं बोलायची.

हाळी म्हणजे नुसतं ओरडणं नव्हे. त्याला रीत आहे. एक हात गालाशी धरायचा. नाव घ्यायचं नाही. मोकळ्या रानात माणसाचं नाव पुकारलं की ते भलत्यानंच ऐकायची भीती, म्हणून फक्त नातं पुकारायचं. (मीही इथं कुणाचं नाव घेतलेलं नाही, ती सवय तिथली.) ज्याला हाळी ऐकू आली त्यानं ‘ओ’ दिलीच पाहिजे. श्वास पुरेल तेवढे, दोन-तीनच शब्द. आणि सगळ्यात मोठी गोष्ट, हाळी रिकामी द्यायची नाही. हाळी आली की समोरचा माणूस हातातलं काम टाकून बाहेर येतो. त्याला उगाच बाहेर काढणं हे पाप.

माझा बारावीचा निकालही हाळीनंच घरी पोचला. जुन्नरला एका झेरॉक्सच्या दुकानात मी तो पाहिला आणि एसटीनं फाट्यावर उतरले. फाट्यावरून आत्याची वस्ती आधी लागते. तिला सांगितलं. ती चुलीपुढून उठली, बांधावर गेली, हात गालाला लावला.

“झालीऽऽऽ!”

समोरून दादांची ओ आली आणि पाठोपाठ प्रश्न, “नर का मादीऽऽऽ?”

दादांना ‘व्याली’ ऐकू गेलं होतं. आत्याची काळी मेंढी तेव्हा गाभण होती. आत्यानं कपाळाला हात मारला आणि पुन्हा हाळी दिली, “पोरगीऽऽऽ! पासऽऽऽ!”

आमच्या घराण्यातली पहिली बारावी पास ही अशी काळ्या मेंढीच्या बाळंतपणातून घरी पोचली.

पुढं मी जुन्नरच्या कॉलेजात बी.ए. केलं. रोज एसटी, उभं राहून. बी.ए.च्या दुसऱ्या वर्षी घरात पहिला मोबाईल आला, बटणांचा. नंतर मी पुण्याला शिकायला गेले आणि दादा मला रोज संध्याकाळी फोन करायला लागले. तेव्हा माझ्या खोलीतल्या मुलींना आमच्या घरची सगळी बातमी माझ्याआधी कळायची. स्पीकर लावावा लागत नव्हता.

दादांचा नियम सरळ होता. जितकं लांब, तितका मोठा आवाज. मंचरला फोन असला तर अंगणातल्या माणसाशी बोलावं तसं बोलणार. जुन्नरला थोडं चढवणार. पुण्याला ओरडणार. माझा एक चुलतभाऊ कामाला दुबईला आहे. त्याचा फोन आला की दादा उठून उभे राहतात, टोपी काढतात आणि मोकळा हात गालाला लावतात.

“दादा, हळू बोला ना. आवाज फोनच आणतो.”

“आनतो गं, पर अर्ध्या वाटंला त्योबी दमत आसंल की.”

मी पुण्याला शिकत होते ते सिनेमाचं. गावात हे कळल्यावर एकानं आईला विचारलं, “काय वैनी, लेक हिरॉइन व्हनार म्हनं?” आई म्हणाली, “नाय. ती मशीनच्या माघारी उभी ऱ्हाती.” माझ्या कामाचं याहून चांगलं वर्णन मला अजून कुणाकडून मिळालेलं नाही.

मी करते त्या सिनेमांना प्रायोगिक म्हणतात. त्यात गाणी नसतात, गोष्टही पुष्कळदा नसते. घरात एखादं यंत्र येतं तेव्हा माणसाच्या हाताला, गळ्याला, चालीला काय होतं, ते मला बघायचं असतं. मोठी यंत्रं माझ्या वर्गातल्या बाकीच्यांनी घेतली. मी घरातली घेतली. माझा पहिला प्रयत्न आईच्या अंगठ्याचा. कांदे काढून काढून तिच्या अंगठ्याच्या रेघा झिजल्या आहेत, त्यामुळं रेशनच्या मशीनवर तो उमटत नाही. तीन मिनिटं नुसता अंगठा, खाली काच, आणि मशीनचा आवाज, ‘पुन्हा प्रयत्न करा’. घरी लॅपटॉपवर दाखवला. दादा मांडी घालून, डोळे न हलवता बघत बसले. संपल्यावर म्हणाले, “आन् पिक्चर कवा सुरू व्हनार?”

“संपला, दादा.”

“आस्सं. मंग चांगलाय. बारका हाय.”

आई मात्र चिडली. “आंगठाच दाखवायचा व्हता तर आदी सांगायचं. घासून धुतला आसता.”

शेवटच्या वर्षाला एक सिनेमा पूर्ण करून द्यायचा असतो. तो दिला नाही तर पदविका नाही. मी हाळी घेतली. दादा फोनवर ओरडतात ते का ओरडतात, हे मला दाखवायचं होतं. त्यासाठी मला आधी खरी हाळी पाहिजे होती, दोन्ही बाजूंची, बहीण-भावाची. मोबाईल आल्यापासून ती कुणी दिलीच नव्हती.

त्याच सुमारास आत्याचं जायचं ठरलं. गुडघ्यांनी तिला उतारावर चालणं जमेना. तिचा मुलगा चाकणला कंपनीत आहे, तो म्हणाला, आई, आता बास, माझ्याकडं चल. आत्या तयार झाली. अडचण राहिली ती सहा मेंढरांची. चाकणला तिसऱ्या मजल्यावर मेंढरं कुठं बांधणार? मुलानं व्यापाऱ्याला रविवारी यायला सांगितलं. बकरी घेणारा व्यापारी म्हणजे पुढं त्यांचं काय होणार, हे वेगळं सांगायला नको. आत्याच्या मनात होतं की भावानं ती ठेवून घ्यावीत. ती रोज दादांना फोन करायची.

“काय ठरवलंस?”

“बघू.”

“आरं, त्यो ऐतवारी येनारे.”

“बघू की आक्का. जेवलीस का?”

पंधरा दिवस हेच. दादांना जमिनीला लावलेला हात आठवत होता. आत्याला नाही म्हणायची त्यांची हिंमत नव्हती आणि हो म्हणायला तोंड उघडत नव्हतं. आई एकदा भाकरी थापता थापता म्हणाली, “बघू म्हंजे नाय. सरळ नाय म्हना की तिला.”

“आक्काला नाय कसं म्हनू?”

“मंग व्हय म्हना.”

“बघू.”

आईनं भाकरी इतक्या जोरात आपटली की तव्यावर ती फाटली.

मी घरी आले ती शुक्रवारी, माझ्या एका मैत्रिणीला घेऊन. ती पुण्याची, कॅमेरा आणि आवाजाचं काम चोख करणारी. येता येता आम्ही वाट वाकडी करून लेण्याद्रीला गेलो होतो, आवाजाचं यंत्र तपासायला. लेण्यात एक टाळी वाजवली तर कितीतरी वेळ घुमत राहिली. मला वाटलं, इथंच दादांना आणावं, काय सुंदर ध्वनी मिळेल. घरी येऊन तसं म्हटलं. दादांनी माझ्याकडं असं बघितलं की जशी काही मी शेणात भाकरी बुडवली.

“लेण्यात आपलाच आवाज म्हागारी येतो. हाळीला म्हागारी यायला पायजे दुसऱ्याचा.”

दुसऱ्या दिवशी सकाळी, वारा पडलेला असताना, मैत्रीण एक कॅमेरा घेऊन मोटारसायकलवर पुलाच्या वळशानं आत्याकडं गेली. दादांसमोर मी दुसरा कॅमेरा मांडला, स्टँडवर एक मोठा माईक लावला आणि सदऱ्याला एक बारका अडकवला. दादांनी स्वच्छ टोपी घातली होती. आई कडेला बसून शेंगा निवडत होती. समोर ओढ्यापलीकडं आत्याचं घर, घरावरच्या उतारावर तिची सहा मेंढरं, लांबून दिसतात तसे पाच पांढरे ठिपके आणि एक काळा.

मी मैत्रिणीला फोन लावला. “तयार?”

“तयार. आत्या बांधावर उभ्या आहेत.”

दादा ऐकत होते. “तिकडं फोन लागतोय की.”

“लागतो ना.”

“मंग हाळी कशाला?”

हाच प्रश्न मला संस्थेत विचारला होता आणि मी त्याचं चार पानांचं उत्तर लिहून दिलं होतं. दादांपुढं त्यातलं एक वाक्य आठवेना. म्हटलं, “द्या ना दादा. काहीही. ‘आक्का, जेवलीस का’ असं द्या.”

“जेवलीस का ही काय हाळी हाय व्हय? त्यो फोन हाय.”

तरी लेकीचं काम आहे म्हणून ते उभे राहिले. घसा खाकरला. छातीवरचा माईक खाली मान घालून एकदा पाहिला. आणि सगळ्या ताकदीनं ओरडले,

“हॅलोऽऽऽ! आक्काऽऽऽ! आवाज येतोय काऽऽऽ?”

क्षणभर माझ्या काही लक्षातच आलं नाही. मग कानाशी मैत्रिणीचं हसणं फुटलं. “अगं, तुझ्या आत्यांनी हॅलो ऐकलं आणि कमरेच्या पिशवीतून फोन काढला. कानाला लावून म्हणतायत, हां, बोल.”

ओढ्याच्या अलीकडं दादा गालाला हात लावून हॅलो म्हणत उभे आणि पलीकडं आत्या न वाजलेला फोन कानाला लावून उभी. मला हसू आलं नाही. मी खाली बसले. वाटलं, संपलं. मी ज्याचा सिनेमा करायला आले ते शिल्लकच नाही. वर्षही गेलं आणि पदविकाही गेली.

दादा ओशाळले. “तोंडात त्येच आलं गं. पयलं आमी काय म्हनायचो?”

त्यांना खरंच आठवत नव्हतं. चाळीस वर्षं ज्यानं या ओढ्यावरून हाळी दिली तो माणूस माझ्याकडं बघून विचारत होता, मी काय म्हणायचो.

आई शेंगांमधून मान वर न करता म्हणाली, “सांगन्यासारकं काय आसलं तर यील तोंडात. काय नाय म्हनून हॅलो येतंय. उंद्या ऐतवार हाय.”

दादा शेजारच्या दगडावर बसले. मी यंत्र बंद करायला हात पुढं केला आणि मागं घेतला, का ते मला सांगता येणार नाही. पाच मिनिटं गेली असतील, जास्तही असतील. कुठंतरी कुणाची मोटार सुरू झाली, बंद झाली. दादा समोरच्या उताराकडं बघत होते. पांढरे ठिपके हळूहळू वर सरकत होते आणि काळा मागं राहिला होता. मला एवढंच माहीत होतं की ते मोजत आहेत. मेंढरं दिसली की त्यांच्या तोंडातल्या तोंडात मोजणी सुरू होते, ती अजून गेलेली नाही.

मग ते उठले. सदऱ्याचा माईक ओढून काढला आणि आईच्या सुपात टाकला. टोपीही काढली. हात गालाला गेला.

“आक्काऽऽऽ…”

हा आवाज मी पाच-सहा वर्षांत ऐकला नव्हता. फोनवरचा नव्हता तो. फोनवर ते ओरडतात. हा ओरडलेला नव्हता, लांबवलेला होता, आणि मला दिसल्यासारखं वाटलं की तो ओढ्यावरून चालत पलीकडं गेला.

पलीकडून आलं, “ओऽऽऽ.”

हॅलो नाही. ओ.

“मेंढरंऽऽऽ… माजीऽऽऽ!”

बस, तेवढंच. दोन शब्द. मी दादांच्या तोंडाकडं बघत राहिले. पंधरा दिवस फोनवर जे ‘बघू’ चाललं होतं ते हाळीत बसलंच नसतं. ‘बघूऽऽऽ’ म्हणून कुणी कुणाला कामावरून बाहेर काढतं का?

पलीकडून लगेच काही आलं नाही. दादांचा हात गालावर तसाच. आई शेंगा निवडायची थांबली होती. मग आली, जरा फाटलेली आणि लांब, “ओऽऽऽऽऽ.”

दादांनी हात खाली घेतला. टोपी घातली. आई सुपातल्या माइकाकडं बघत म्हणाली, “आता कुंपान कोन घालनार?”

“मी घालीन.”

“तुमचं गुडघं?”

“बघू.”

हेही सगळं सिनेमात आहे. आईनं पुढं बरीच भांडणं केली की तो भाग काढ, पण मी काढला नाही.

तिकडं काय झालं ते मैत्रिणीनं सांगितलं. आत्या मधला सगळा वेळ बांधावरून हलली नव्हती. ‘माजी’ ऐकल्यावर तिनं पदरानं तोंड पुसलं, ओ दिली आणि वळून काळ्या मेंढीला म्हणाली, “चल गं बये. आवर. म्हायेरी जायचंय.” आणि मैत्रिणीला म्हणाली, “पाव्हणे, चा टाकते. ते मशीन आता ठिव खाली, दमली आसशील.”

रविवारी व्यापारी आला तो आमच्या दारावरून परत गेला. दादांनी त्याला चहा पाजला. मेंढरं आत यायच्या आधी ते उंबऱ्यापुढं गेले आणि पुन्हा एकदा जमिनीला हात लावला. या वेळी काय म्हणाले ते आम्हाला ऐकू आलं नाही आणि आम्ही विचारलंही नाही.

पुण्याला परत जाऊन मी तो सिनेमा जोडायला बसले, तेव्हा मला माझी चूक कळली. हॅलो ही चूक नव्हतीच. मी घरी जे शोधायला गेले होते ते तेच होतं, गालाला लावलेला जुना हात आणि तोंडातला नवा शब्द. मी सिनेमा त्याच हॅलोपासून सुरू केला. पडद्यावर काळोख आणि हॅलोऽऽऽ. मग आत्या, कानाला फोन. मग दगडावरचा तो वेळ, जवळजवळ पूर्ण. मार्गदर्शकांनी सुचवलं, एवढी शांतता प्रेक्षक सहन करणार नाहीत, कमी करा. मी म्हटलं, सर, दादा त्यात मेंढरं मोजतायत, मध्येच कापली तर चुकतील. त्यांनी ती ठेवू दिली.

संस्थेत सिनेमा दाखवल्यावर जुन्नरच्या माझ्या कॉलेजात दाखवला. जिथं एसटीला उशीर झाला की मी दारातून वाकून वर्गात शिरायची, त्याच मजल्यावरच्या हॉलमध्ये. दादा पहिल्या रांगेत बसले, टोपी मांडीवर. आई नवीन लुगडं नेसून आली आणि कुणी अंगठ्याच्या सिनेमाचा विषय काढला की पदराखाली हात घ्यायची. आत्या चाकणहून एसटीनं आली, मुलाचा हात धरून, तिसऱ्या रांगेत बसली. पडद्यावर दादांची हाळी आली, “आक्काऽऽऽ”, आणि हॉलमध्ये तिसऱ्या रांगेतून आत्यानं ओ दिली. जोरात. तिला कुणी तरी शू केलं. ती म्हणाली, “ऐकू आल्यावर द्यावी लागती, राव.”

दादांनी मान वळवून मागं पाहिलं आणि आख्ख्या हॉलसमोर विचारलं, “आक्का, जेवलीस का?”

सिनेमा अकरा मिनिटांचा आहे. पदविका मिळाली, ती घरात बी.ए.च्या शेजारी लावली आहे. सहा मेंढरांची आठ झाली आहेत, कुंपण दादांनीच घातलं. कोकरू झालं की ते चाकणला फोन करतात, उभं राहून, हात गालाला लावून. आमच्या घराण्यातला पहिला सिनेमा पूर्ण झाला, आणि तो मी केला.